काकाजींची पहिली जिवंत भूमिका

मनोहरकाकाजी कुणाच्याही घरातून सरळ चालत बाहेर पडत नाहीत. उलटे चालत पडतात. चहा संपला की कप खाली ठेवतात, उठतात आणि तोंड आपल्याकडेच ठेवून एकेक पाऊल मागे टाकू लागतात. बोलणं चालूच असतं. "बरं मंग संज्या, येतो मी... चहा झकास होता म्हना वंदनाले... उद्या पाहू आपन त्याचं..." दर पावलाला आवाज थोडा उतरतो. उंबऱ्यापाशी कुजबुज उरते, अंगणात नुसते ओठ हलतात, आणि फाटकाशी पोचले की ते एकदम वळून झपाझप चालायला लागतात.

नवख्या माणसाला हे पाहून धडकीच भरते. आमच्या गल्लीत मध्यंतरी एक ग्रामसेवक बदली होऊन सहकुटुंब राहायला आले. पहिल्याच भेटीत काकाजी असे मागे सरकत निघालेले पाहून त्यांच्या बाई किंचाळून खुर्चीवर चढल्या. त्यांना वाटलं, आपल्या पायाशी साप आहे आणि हा म्हातारा त्याच्यावरची नजर न काढता सटकतोय.

साप वगैरे काही नव्हता. काकाजींनी उभी हयात रेडिओवर नाटकं केली. रेडिओच्या नाटकात एखादं पात्र निघून गेलं हे दाखवायचं, तर तोंड मायक्रोफोनकडे ठेवून बोलत बोलत मागे सरकावं लागतं. ऐकणाऱ्याला वाटतं, माणूस लांब गेला. काकाजी निवृत्त होऊन आपल्या गावी मेहकरला परत आले, पण निवृत्तीची ही बातमी त्यांच्या पायांपर्यंत पोचलीच नाही. येतानाही तीच तऱ्हा. बसस्टँडसमोर माझं झेरॉक्सचं दुकान आहे. काकाजी पलीकडच्या रसवंतीपाशी असतात तेव्हाच त्यांचं वाक्य सुरू झालेलं असतं आणि दुकानात पाऊल पडतं तेव्हा ते संपत आलेलं असतं. मला कायम वाक्याचं शेपूट मिळतं. "...बरोबर हाय का नाई बे?" असं म्हणून ते माझ्याकडे बघतात आणि मी "हाव काकाजी" म्हणतो. आजवर मी कशाकशाला हो म्हटलंय ते देवच जाणे.

माझ्या दुकानात येऊन कागदाला कान लावणारं हे एकमेव गिऱ्हाईक. त्यांच्याकडे जुन्या नाटकांच्या संहितांचा ढीग आहे आणि पानं पिवळी पडली की ते त्या प्रती नव्यानं काढून घेतात. पण आधी कोरा कागद कानाशी धरून हलवायचा. "हा कागद बोलते रे! दुसरा दाखव." रेडिओवर पान उलटल्याचा आवाज जाणं म्हणजे महापाप. चांगला, पांढराशुभ्र, कडक कागद काकाजी तुच्छतेनं बाजूला सारतात आणि पावसाळ्यात सादळलेला, मी रद्दीत टाकणार असलेला गठ्ठा मात्र हर्षानं उचलतात. "हा पाह्य! याले म्हन्तात कागद. गरीब मानसासारखा चुपचाप."

मोबाइल ते तोंडापासून वीतभर लांब धरतात आणि फोनवर नेहमी उभं राहून बोलतात. खोकला आला तर अंगणात जाऊन खोकून येतात. मग पाहुणे असोत नाहीतर सत्यनारायणाची कथा चालू असो. "मायक्रोफोन सगळं ऐकते, संज्या," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. कुठला मायक्रोफोन, हे विचारायची कुणाची टाप नाही. आवाज मात्र असा आहे, की गॅसचा नंबर लावायला त्यांनी फोन केला तर पलीकडून आधी नमस्कार येतो.

या आवाजानं त्यांना आमच्या भागात अमर केलं, पण भलत्याच नावानं. संध्याकाळी शेतकऱ्यांसाठी जो कार्यक्रम लागायचा, त्यात काकाजी 'गोविंदभाऊ' नावाचे जाणते शेतकरी व्हायचे. तज्ज्ञ यायचे, गोविंदभाऊ त्यांना प्रश्न विचारायचे. काकाजींच्या घराण्यात कुणी कधी वावरात पाय टाकला नाही. वडील तहसील कचेरीत कारकून. तूर आणि सोयाबीन यांतला फरक काकाजींना ताटात पडल्यावर कळतो. पण लोकांच्या मनात गोविंदभाऊ म्हणजे शेतीतला शेवटचा शब्द.

एकदा अमडापूरचे दोघं शेतकरी मोटारसायकलवरून माझ्या दुकानात आले. पिशवीत मुळासकट उपटलेली सोयाबीनची झाडं. म्हणाले, "गोविंदभाऊ इथं कुठं राह्यतात म्हन्तात?" मी त्यांना काकाजींकडे घेऊन गेलो.

"भाऊ, पानं पिवळी पडून राह्यली. काय करावं?"

काकाजींनी झाड हातात घेतलं, मुळं वर करून नीट न्याहाळलं आणि एकदम त्यांचा रेडिओचा आवाज लागला. घरात ते आपलं साधं वऱ्हाडी बोलतात. तो आवाज लागला की पुस्तकातलं. "अत्यंत महत्त्वाचा प्रश्न विचारलात आपण! मग अशा वेळी आपल्या शेतकरी बांधवांनी नेमकं काय करावं?"

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. एक जण चाचरत म्हणाला, "पानी साचलं असन बुडाशी."

"असं! आणि पाणी साचलं असेल, तर त्यावर उपाय कोणता?"

"चर काढा लागन," दुसरा म्हणाला.

"वा! चर काढल्यानंतर कोणती काळजी घ्यावी?"

पाव घंट्यात त्या दोघांनी आपसात सगळा इलाज ठरवला, काकाजींच्या पाया पडले आणि बाहेर येऊन मला म्हणाले, "असा जानकार मानूस नाई, भाऊ." हंगामात ते तुरीच्या हिरव्या शेंगांचं गाठोडं देऊन गेले. काकाजींनी मला विचारलं, "ह्या कायच्या शेंगा व्हय बे?"

रेडिओतून निवृत्त झाल्यावर काकाजी काही वर्षं मुंबईला मालिकांत काम करायला गेले होते. सबंध गल्ली पाठवायला बसस्टँडवर. तिथं झालं असं, की काकाजींचा चेहरा कॅमेऱ्यापुढे हलेना. सगळं जगणं आवाजात गेलेलं. राग आला तरी चेहरा तोच, मुलगी सासरी चालली तरी तोच. पण तो न हलणारा चेहरा दिसायला भारी प्रसन्न आणि घरंदाज. कुणा हुशार माणसानं सफारी घातलेला त्यांचा एक फोटो काढला, चंदनाचा हार घातला आणि दिवाणखान्याच्या भिंतीवर टांगला. नायिकेचे कैलासवासी वडील. ते काम इतकं वठलं, की पुढे मालिकावाल्यांना कुणाचेही वडील मेलेले दाखवायचे असले, की काकाजींचा फोटो मागवू लागले.

काकाजी या कारकिर्दीबद्दल अत्यंत गंभीरपणे बोलतात. "त्या मालिकेत मी चार वर्षं होतो. नायक बदलला, नायिका बदलली, मी तोच." एका मालिकेत भूकंपात फोटो भिंतीवरून पडतो; तो भाग त्यांनी सगळ्यांना बोलावून दाखवला, कारण त्यात त्यांना हालचाल होती. दुसरीत नायिका फोटोपुढे पूर्ण भागभर रडते. "तो सीन माह्याच होता," असं ते म्हणतात आणि खरं पाहता ते चुकीचंही नाही.

हा फोटो पाहून खामगावची त्यांची एक मावसबहीण थेट सांत्वनाला येऊन धडकली. म्हातारी बाई; टीव्हीवर भावाच्या फोटोला हार पाहिला आणि रडत रडतच बसमध्ये बसली. दार काकाजींनीच उघडलं. दोघं एकमेकांकडे पाहत उभे राहिले. आता खरं तर विषय संपायला पाहिजे होता. पण बाई पूर्ण तयारीनं आली होती, तिचं रडं थांबेना. सुमनकाकू, म्हणजे काकाजींची बायको, तिला आवरायला पुढे झाल्या, तर काकाजीच म्हणाले, "रडू दे तिले. इतक्या लांबून आली, वापस कशी नेईन ते?" आणि बाजूला बसून आपल्याच नावानं चाललेला तो आक्रोश त्यांनी मान डोलावत मन लावून ऐकला. मध्येच एकदा तिला म्हणाले, "श्वास वरून नको घेऊ, पोटातून घे."

सुमनकाकूंना तो हारवाला फोटो मुळीच खपत नसे. "जित्या मानसाले हार घालतात का कुठं?" असं म्हणत त्या सगळ्या मालिका मात्र एकही भाग न चुकवता बघत. काकू म्हणजे गल्लीतलं सगळ्यांत अगत्याचं माणूस. अलीकडे तर तुम्ही काहीही विचारा, त्या हसून "बसा, ठेवतेच" म्हणतात आणि चहाचं आधण चढवतात. काकाजी घरी आहेत का, चहा. लाईट गेली का तुमच्याकडे, चहा. परवा माझी बायको वंदना त्यांच्याकडे शिडी मागायला गेली आणि चहा पिऊन परत आली.

तर अशा या काकाजींना मागच्या हिवाळ्यात जिवंत माणसाचं काम आलं.

पुण्याचा एक तरुण दिग्दर्शक, अद्वैत नावाचा, माझ्या दुकानात पत्ता विचारत आला. वऱ्हाडातल्या एका कुटुंबावर मालिका काढत होता. चित्रीकरण अमडापूरजवळच्या एका मळ्यात. त्यात नायकाचे आजोबा होते. चालते, बोलते, हार नसलेले. "आम्हाला अस्सल वऱ्हाडी बोलणारा माणूस हवाय," तो म्हणाला. "आणि काकाजींचा आवाज म्हणजे काय विचारता! आजोबांचं दोन पानांचं स्वगत आहे. तिन्ही मुलांना वावर वाटून देताना ते बोलतात. पहिल्या आठवड्याचा शेवट त्याच्यावरच आहे."

काकाजींनी त्या दोन पानांची प्रत मोठ्या अक्षरात माझ्याकडून काढून घेतली. अर्थात सादळलेल्या कागदावर. "संज्या," ते म्हणाले, "पह्यल्यांदा जित्ता असनार मी. आयुष्यभर वाट पाह्यली याची." गल्लीत पेढे झाले. काकाजींनी एकदा तरी टीव्हीवर श्वास घ्यावा, एवढीच आम्हा सगळ्यांची इच्छा होती.

आणि दुसऱ्या दिवसापासून त्यांनी तोंड वाकडंतिकडं करायला सुरुवात केली.

आधी भुवया. एक वर, एक खाली. मग ओठ. मग गाल फुगवून डोळे मोठे. भाजीबाजारात ते मेथीच्या जुडीकडे बघून दात विचकत, आणि चौकात उभं राहून हात हवेत फिरवत. बोलणं जवळपास बंद. तासाभरात गावभर झालं, की काकाजींना लकवा मारला. कंपाउंडर रक्तदाब मोजायला आला. शिंप्यानं तेलाची बाटली आणून दिली. कुणी म्हणालं खामगावला न्या, कुणी म्हणालं कबुतराचं रक्त चोळा. एक जण तर कबूतर घेऊनच आला.

मला राहवेना. मी विचारलं, "काकाजी, काय चाललं हे?"

"चेहरा कधी वापरलाच नाई ना रे," ते म्हणाले. "गंजला तो. तेलपानी करून राह्यलो." मग डोळे लकाकवत म्हणाले, "आज दुधवाल्यापाशी करुण रस केला. त्यानं मले खुर्चीवर बसवून पाय चोळले माह्ये! भाव पोचला म्हनजे!"

चित्रीकरणाच्या दिवशी मी दुकान बंद ठेवून त्यांच्यासोबत गेलो. मळ्यात लिंबाखाली बाज टाकली होती, दिव्यांचे खांब, छत्र्या, माणसांचा हा गोतावळा. काकाजींना धोतर, टोपी, हातात काठी. बाजेसमोर तीन मुलं आणि सुना उभ्या. अद्वैतनं खूण केली. काकाजी बाजेवर ताठ बसले, भुवया वर गेल्या, गाल फुगले, उजवा हात पूर्वेला, डावा हात पश्चिमेला. शब्द एकही नाही.

"कट! काकाजी, डायलॉग विसरलात का?"

"नाई. पाठ हाय."

"मग?"

तेव्हा काकाजींनी खात्रीसाठी म्हणून ती दोन्ही पानं पहिल्यापासून शेवटपर्यंत म्हणून दाखवली. काय सांगू तुम्हाला! छत्रीवाला छत्री मिटायचा थांबला. सुनेचं काम करणारी बाई कॅमेरा बंद असताना रडायला लागली. आयुष्यभर कसलेलं वावर हातातून सुटताना माणसाच्या घशात जे काय होत असेल, ते सगळं त्या आवाजात होतं. आणि हे कुणी म्हटलं? ज्याला तुरीची शेंग ओळखता येत नाही, त्यानं.

"हेच! हेच कॅमेऱ्यासमोर म्हणा!" अद्वैत नाचायचाच बाकी होता.

"नाई म्हनत," काकाजी म्हणाले. "मले मुका करा."

"काय करू?"

"आजोबा मुका दाखवा. बाकी जे म्हनसान ते करतो."

अद्वैतला आधी गंमत वाटली, मग रडू यायचं बाकी राहिलं. अहो, तुम्हाला घेतलंच आवाजासाठी, असं त्यानं परोपरीनं सांगितलं. काकाजी ढिम्म. शेवटी तो मोबाइल घेऊन बांधाच्या टोकाला गेला आणि मुंबईच्या लेखकाला फोन लावू लागला. मी काकाजींचा दंड धरून त्यांना लिंबामागं नेलं. माझा पारा चढला होता.

"काऊन असं करता काकाजी? सारी उमर फोटो बनून भिंतीले लटकले. आज देवानं तोंड देलं तं मुके होता? दुसरा मानूस आनतीन ते!"

काकाजी बांधावर बसले. माझ्या हातातली पाण्याची बाटली घेतली, पण पाणी प्याले नाहीत.

"तुह्या काकूले आयकू येत नाई रे," ते म्हणाले.

मी त्यांच्या शेजारी बांधावर टेकलो.

"मी रेडिओवर होतो ना, तवा ती घरी रेडिओपाशी बसे. मी घरी आलो का दारातच सांगे. दुसऱ्या पानावर श्वास आयकू आला. अमुक वाक्य घाईत म्हनलं. त्या बाईनं कधी चांगलं म्हनून म्हनलं नाई मले! लोकं टाळ्या वाजवत, आन ही म्हने, शेवट पडला तुमचा. निवृत्त झालो तरी रोज सांजच्याले दिवा लावला का तिच्यापुढं बसून एक प्रवेश वाचतो मी. ती चुका काढते. तोच आमचा संसार हाय, असं समज." ते थांबले. "आन एक दिवस वाचून झाल्यावर ती म्हनली, छान झालं."

"मंग?"

"मंग काय, मी खूश! मले वाटलं, आता आली आपल्याले कला. दुसऱ्या दिवशी बी, छान झालं. तिसऱ्या दिवशी बी. तवा मले शंका आली. मी मुद्दाम मधात खोकललो. छान. लाईटचं बिल वाचलं. छान. एक दिवस पेपरातले सोयाबीनचे भाव वाचले, संज्या, खामगाव, चिखली, मेहकर... तोंडाकडे पाहत बसली माह्या, आन म्हनली, आज तं लयच छान झालं."

ते हसायला गेले आणि त्यांना हसता आलं नाही. इतके दिवस ज्या चेहऱ्यावर काही उमटत नव्हतं, त्यावर तेव्हा जे दिसलं ते मला बघवेना. मी दुसरीकडे तोंड केलं.

"मशीन मिळते ना काकाजी कानाचं," मी म्हणालो.

"मशीन आनलं म्हनजे तिले समजन, का मले समजलं. तिले वाटते, मले मालूम नाई. मालूम झालं तं मी वाचनं बंद करीन, असं भेव हाय तिले. म्हनून रोज समोर येऊन बसते बिचारी." काकाजींनी बाटली खाली ठेवली. "टीव्हीत मी दोन पानं बोललो, तं ती काय म्हनन? छान झालं. गावभराचं छान हाय ना माह्याजवळ, मले तिचं छान नको. मुका झालो तं तिले सगळं दिसन. आन दिसलं तं काहीतरी बोलन ती."

तेवढ्यात अद्वैत परत आला. आता मी त्याच्या बाजूनं बोलेन अशी त्याला आशा होती. मी म्हणालो, "साहेब, मुकाच करा." तो माझ्याकडे असा बघत राहिला, जसा काही लकवा मला मारला होता.

पण गंमत अशी झाली, की तिकडे लेखक खूश होता. पुढच्या भागांचे संवाद त्याचे लिहूनच झाले नव्हते. आजोबा मुके झाले म्हणजे तेवढा भार कमी, असं म्हणून त्यानं फोनवरच आजोबांची वाचा घालवली. ती दोन पानं थोरल्या सुनेला दिली. सासऱ्याच्या खुणा बघून ती त्यांचं मन बोलून दाखवणार, असं ठरलं. काकाजींनी त्या बाईला स्वतः सगळी वाक्यं शिकवली, कुठे थांबायचं तेही. आपला आयुष्यभराचा घास दुसऱ्याच्या ताटात वाढताना माणूस इतका खुशीत असलेला मी दुसरा पाहिलेला नाही.

अभिनय मात्र, खरं सांगतो, फार वाईट झाला. दुःखी व्हायचं होतं तिथे दाढ दुखत असल्यासारखे दिसले. भुवया एका गावाला, हात दुसऱ्या गावाला. अद्वैतनं शेवटी नाद सोडला आणि "घ्या, हेच ठेवा" म्हणाला.

ज्या संध्याकाळी तो भाग लागायचा होता, त्या संध्याकाळी अर्धी गल्ली काकाजींच्या पुढच्या खोलीत. ग्रामसेवकाच्या बाई, शिंपी, कंपाउंडर, सगळे. काकूंना मधोमध खुर्ची. काकाजी स्वतः बसले नाहीत. टीव्हीच्या बाजूला भिंतीशी, काकू समोर दिसतील असे उभे राहिले. वंदनाला मी सगळं सांगितलं होतं, ती काकूंच्या शेजारी गुपचूप बसली.

मालिका सुरू झाली. लिंबाखालच्या बाजेवर काकाजी दिसले. श्वास घेत होते, पापण्या हलत होत्या. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मग त्यांनी हातवारे सुरू केले आणि टाळ्या हळूहळू थांबल्या. शिंपी खाली मान घालून बसला. कुणीतरी कुजबुजलं, "काऊन बोलून नाई राह्यले हे?" काकाजी पडद्यावर गाल फुगवत होते, आभाळाकडे बघत होते, छातीवर हात आपटत होते, आणि खोलीत आम्ही सगळे चोरासारखे एकमेकांची नजर चुकवत होतो.

फक्त काकू पुढे वाकल्या होत्या. त्यांचे डोळे बारीक झाले होते, ओठ घट्ट मिटले होते. पडद्यावर सून बोलत होती तिकडे त्यांचं लक्षही नव्हतं. त्या एकट्या काकाजींच्या हातांकडे बघत होत्या. आणि खरे काकाजी भिंतीशी उभे राहून काकूंकडे बघत होते.

जाहिराती लागल्या. शेवटी कंपाउंडर घसा खाकरून म्हणाला, "छान झालं हो काकाजी."

काकाजींनी त्याच्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

काकू खुर्चीत वळल्या. कपाळाला आठ्या. म्हणाल्या, आणि चांगल्याच मोठ्यानं म्हणाल्या, "लेकरं तीन होते ना समोर?"

काकाजींनी मान हलवली.

"मंग वावराचे हिस्से दोनच काऊन दाखवले? एक हात इकडं, एक हात तिकडं. तिसऱ्यानं काय उपाशी मरावं? आन रडू आलं तवा डोळे आधी मिटले तुमी, मान मांगून खाली गेली. आधी मान जाते. मानसाले लाज वाटते ना रडाची, तो आधी तोंड लपवते. इतकी वर्सं झाली, इतकं समजत नाई?"

खोलीत सगळे दचकले. वंदनानं पदर तोंडाला लावला. मला वाटलं, काकाजींना आता सावरावं लागेल, म्हणून मी उठलो. पण ते भिंत सोडून पुढे आले आणि काकूंच्या खुर्चीसमोर, सगळ्यांच्या देखत, खाली फरशीवर बसले. त्यांचे डोळे भरून वाहत होते. तोंडानं ते काही बोलले नाहीत. त्यांनी फक्त हात वर करून बोटं हलवली, आणखी? अशी.

"आनखी काय विचारता!" काकू म्हणाल्या. "लई हाय." त्यांनी खुर्ची थोडी पुढे ओढली आणि पहिल्या हातवाऱ्यापासून सुरुवात केली. मालिका पुन्हा सुरू झाली होती, पण तिकडे कुणी पाहत नव्हतं. आम्ही एकेक करून चपला शोधू लागलो. वंदनानं जाता जाता टीव्ही बंद केला, तरी त्या दोघांच्या ते लक्षात आलं नाही.